७५ लाखांचं कर्ज नेमकं कितीला पडतं? हप्ता नव्हे, महिने मोजा

प्रश्न थोडक्यात असा आहे: कांदिवलीत १ कोटीचा रिसेलचा वन बीएचके, इमारतीला ओसी (राहायला परवानगी देणारा महापालिकेचा दाखला) आहे. ७५ लाखांचं कर्ज, फ्लोटिंग, म्हणजे पुढे बदलू शकणारा, व्याजदर ८ टक्के. नवरा-बायको दोघं कमावते. बँकेचा एजंट म्हणतो, ‘३० वर्षं घ्या, हप्ता ५५ हजारांत बसतो, नंतर पार्ट पेमेंट (हप्त्याशिवाय जादा रक्कम) करत राहा.’ घर शेवटी कितीला पडेल आणि मुदत किती घ्यावी?

आधी मुदतीचं गणित, कारण बाकीचं सगळं त्यावर उभं आहे. ७५ लाख, ८ टक्के, दर महिन्याला घटत्या शिलकीवर व्याज:

१५ वर्षं: हप्ता ७१,६७४, एकूण व्याज ५४ लाख
२० वर्षं: हप्ता ६२,७३३, एकूण व्याज ७५.५६ लाख
२५ वर्षं: हप्ता ५७,८८६, एकूण व्याज ९८.६६ लाख
३० वर्षं: हप्ता ५५,०३२, एकूण व्याज १ कोटी २३ लाख

८ टक्क्यांनी २० वर्षं म्हणजे रुपयाला रुपया व्याज, एवढं लक्षात ठेवलं तरी कॅल्क्युलेटर लागत नाही. आता २५ आणि ३० वर्षांच्या ओळी शेजारी ठेवून बघा. हप्ता फक्त २,८५४ रुपयांनी उतरतो आणि व्याज साडेचोवीस लाखांनी चढतं. मुदत जितकी लांबवाल तितकी हप्त्यातली सवलत आटत जाते, व्याज मात्र वाढतच राहतं. एजंट ३० वर्षं सुचवतो, कारण त्या मुदतीत तुमच्या पगारावर जास्त कर्ज बसतं. त्यात त्याचं काही चुकत नाही, पण तो हिशोब त्याच्या सोयीचा आहे.

हप्त्याच्या आत काय चालतं ते एकदा डोळ्यांनी बघा. पहिल्या महिन्याचं व्याज: ७५ लाख गुणिले ८ टक्के भागिले १२, म्हणजे बरोबर ५०,००० रुपये. हे कुठल्याही मुदतीला तेवढंच. २० वर्षांच्या ६२,७३३ च्या हप्त्यातून ५०,००० गेले, मुद्दलाला लागले १२,७३३. दुसऱ्या महिन्यात शिल्लक ७४,८७,२६७. त्यावर व्याज ४९,९१५, मुद्दलाला १२,८१८. फरक पडला ८५ रुपयांचा. ही गाडी इतकी सावकाश सरकते की हप्त्यात मुद्दल आणि व्याज समान व्हायला साडेअकरा वर्षं लागतात, आणि ७५ लाखांचे साडेसदतीस लाख व्हायला जवळपास साडेतेरा. पाच वर्षांत तुम्ही ३७.६४ लाख भरलेले असता आणि कर्ज उतरलेलं असतं ९.३६ लाखांनी.

हेच ३० वर्षांत करा. ५५,०३२ मधून ५०,००० व्याज, मुद्दलाला ५,०३२. पाच वर्षांत ३३ लाख भरून कर्ज उतरतं ३.७० लाखांनी. पाच वर्षांनी नोकरीसाठी पुण्याला जायचं ठरलं आणि फ्लॅट विकायला काढला, तर बँकेचे ७१.३० लाख आधी फेडायचे आहेत. ‘पाच वर्षं हप्ते भरले, आता अर्धं घर आपलं’ असं वाटत असतं, आणि फोरक्लोजर लेटर (कर्ज पूर्ण फेडायला किती लागतील ते सांगणारं बँकेचं पत्र) हातात पडलं की लोक गप्प होतात.

३० वर्षांच्या मुदतीत याहून मोठी गोची आहे, आणि ती एजंट कधीच सांगत नाही. ऑक्टोबर २०१९ पासून बँकांची नवी फ्लोटिंग गृहकर्जं बाहेरच्या बेंचमार्कला, म्हणजे बँक स्वतः ठरवत नाही अशा दराला, जोडावी लागतात. बहुतेक ठिकाणी तो रिझर्व्ह बँकेचा रेपो असतो, म्हणजे ती बँकांना ज्या दराने पैसे देते तो. रेपो अधिक बँकेचा स्प्रेड (बँक त्यावर घालते ती भर), हा तुमचा दर. मे २०२२ ते फेब्रुवारी २०२३ या नऊ महिन्यांत रेपो ४ वरून ६.५० वर गेला. मग २०२५ या एका वर्षात ६.५० वरून ५.२५ वर आला. म्हणजे २० वर्षांच्या कर्जात अशा दोन-चार लाटा येणार हे धरूनच चालायचं. आता तुमच्या ३० वर्षांच्या कर्जावर दर ८ चा ८.८० झाला असं समजा. व्याज होतं ५५,०००. हप्ता ५५,०३२. मुद्दलाला उरले ३२ रुपये. दर ९ झाला तर व्याज ५६,२५०, म्हणजे हप्त्यातून व्याजसुद्धा सुटत नाही आणि शिल्लक दर महिन्याला वाढायला लागते. २०२२ च्या सुरुवातीला ७ टक्क्यांनी २० वर्षांसाठी कर्ज घेतलेल्यांचं नेमकं हेच झालं. ७५ लाखांना हप्ता ५८,१४७ होता. वर्षभरात दर साडेनऊवर गेला तेव्हा साडेत्र्याहत्तर लाखांच्या शिलकीवर महिन्याचं व्याज ५८,१८८.

त्या गोंधळानंतर ऑगस्ट २०२३ मध्ये रिझर्व्ह बँकेने नियम काढले, ते कामाचे आहेत. दर बदलला की हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की थोडं-थोडं दोन्ही, हे निवडायचा हक्क तुमचा. मुदत इतकी ताणायची नाही की शिल्लक वाढत जाईल. दर तिमाहीला आतापर्यंत वसूल झालेलं मुद्दल, व्याज, हप्त्याची रक्कम, उरलेले हप्ते आणि वार्षिक दर दाखवणारं स्टेटमेंट मिळालं पाहिजे. हक्क कागदावर आहे. प्रत्यक्षात दर वाढला की बँकेची सिस्टिम बहुतेक वेळा हप्ता तसाच ठेवून मुदत वाढवते, आणि मोबाइलवर एसएमएस येतो. तो कुणी वाचत नाही. हप्ता बदलला असता तर त्याच दिवशी कळलं असतं.

हे किती महाग पडतं ते २० वर्षांच्या कर्जावर बघा. दर सुरुवातीलाच ८ चा ९ झाला. हप्ता ६२,७३३ तसाच ठेवला तर २४० महिन्यांचे ३०४ महिने होतात. पाच वर्षं चार महिने जास्त, आणि एकूण ४० लाख जास्त. त्याऐवजी मुदत तीच ठेवून हप्ता ६७,४७९ केला, तर महिन्याला ४,७४६ जास्त आणि एकूण ११.४ लाख जास्त. दर दोन्हीकडे ९ च. फरक फक्त बँकेला एक अर्ज दिला की नाही याचा. म्हणून तिमाही स्टेटमेंटवर एकच आकडा बघायची सवय लावा: उरलेले हप्ते किती. तीन महिन्यांत तो तीनने कमी झाला नसेल तर शाखेत जा. दर उतरतात तेव्हा उलट करायचं: हप्ता कमी करून मागू नका, तो तसाच राहू द्या, मुदत आपोआप आखडते.

स्प्रेडकडेही लक्ष ठेवा. रेपो सगळ्यांना सारखा, पण नव्या गिऱ्हाइकाला बँक कमी स्प्रेड देते आणि जुना तसाच चालू राहतो. दर दीड-दोन वर्षांनी त्याच बँकेच्या वेबसाइटवरचा नव्या कर्जाचा दर आणि आपला दर ताडून बघा. पाव टक्क्याहून जास्त तफावत असेल तर कन्व्हर्जनचा, म्हणजे त्याच बँकेत नव्या दरावर जाण्याचा, अर्ज द्या. थोडी फी लागते, पण दुसरीकडे कर्ज हलवण्यापेक्षा ते स्वस्त असतं. बँक ऐकत नसेल तरच बॅलन्स ट्रान्सफर.

ट्रान्सफरमध्ये एक सापळा आहे. समजा पाच वर्षं झाली, शिल्लक ६५.६४ लाख, १५ वर्षं उरली आहेत, आणि दुसरी बँक साडेसात टक्के देते आहे. हप्ता ६२,७३३ च ठेवला तर १८० ऐवजी १७० महिन्यांत कर्ज संपतं, सहा लाख वाचतात. गहाणखताची स्टँप ड्युटी पुन्हा, प्रोसेसिंग फी, वकील, व्हॅल्युअर (घराची किंमत ठरवणारा) धरून पन्नास-साठ हजार खर्च झाला तरी परवडतं. पण नवी बँक अर्जावर मुदत पुन्हा २० वर्षं भरून आणते आणि हप्ता ५२,८८२ दाखवते. दहा हजारांनी हप्ता उतरला म्हणून माणूस खूश होऊन सही करतो. एकूण भरणा? जुन्या बँकेत ११२.९२ लाख उरला होता, नव्या बँकेत १२६.९२ लाख. दर अर्धा टक्का स्वस्त करून १४ लाख महाग पडलं.

आता कर्जाच्या बाहेरचा खर्च. बँक ७५ लाखांच्या वरच्या कर्जाला घराच्या किमतीच्या ७५ टक्क्यांपर्यंत आणि ३० ते ७५ लाखांच्या कर्जाला ८० टक्क्यांपर्यंतच जाऊ शकते. स्टँप ड्युटी आणि रजिस्ट्रेशन त्या किमतीत धरत नाहीत, ते खिशातून. शिवाय ‘किंमत’ म्हणजे अॅग्रीमेंट आणि बँकेच्या व्हॅल्युअरचा आकडा यांतला कमी असेल तो. व्हॅल्युअरने ९२ लाख लावले तर ८० टक्के म्हणजे ७३.६० लाख, ७५ लाख गृहीत धरून टोकन दिलं असेल तर दीड लाखाची ऐनवेळी धावपळ.

मुंबईत स्टँप ड्युटी मेट्रो सेस धरून ६ टक्के, आणि ती अॅग्रीमेंटची किंमत आणि रेडी रेकनर (सरकारने ठरवलेला त्या भागाचा दर) यांतल्या जास्त आकड्यावर. खरेदी फक्त बाईच्या नावावर असेल तर ५ टक्के. दोघांच्या नावावर घेतलं तर ही सवलत मिळत नाही. एक लाख वाचतात म्हणून घर एकट्या बायकोच्या नावावर करायचं का? करता येईल, पण मग नवरा कितीही हप्ते भरत असला तरी त्याला व्याजाची करवजावट मिळणार नाही. ती घरात नाव आणि कर्जात नाव, दोन्ही असलेल्यालाच मिळते. रजिस्ट्रेशन फी ३०,०००, त्यावर जात नाही. बँकेकडे कागद गहाण ठेवण्याची स्टँप ड्युटी कर्जाच्या साधारण ०.३ टक्के, म्हणजे २२,५००, आणि वर नोटीस ऑफ इंटिमेशन (गहाणाची सरकारदप्तरी नोंद) फाइल करायचा खर्च. प्रोसेसिंग, लीगल, टेक्निकल मिळून चाळीस हजार धरा. दलाली एक टक्का धरली तर एक लाख. सोसायटीचा ट्रान्सफर प्रीमियम २५,००० च्या वर घेता येत नाही. ‘बिल्डिंग फंड’ म्हणून त्याहून जास्त मागत असतील तर पावती मागा, आकडा आपोआप खाली येतो. एकंदर आठ लाखांच्या आसपास रक्कम पहिल्याच महिन्यात जाते आणि ती परत कधी येत नाही. घर वीस वर्षं ठेवलंत तर वर्षाला चाळीस हजार. पाच वर्षांत विकलंत तर वर्षाला एक लाख साठ हजार.

टीडीएसमुळे घराचा खर्च वाढत नाही, पण गोंधळ होतो. ५० लाख किंवा त्यावरच्या व्यवहारात विकणाऱ्याला द्यायच्या रकमेतून १ टक्का कापून खरेदीदाराने सरकारकडे भरायचा असतो. बँक तिचा चेक थेट विकणाऱ्याच्या नावाने, पूर्ण रकमेचा काढते. म्हणून हा एक लाख तुमच्या २५ लाखांतूनच कापायचा. स्वतःचे सगळे पैसे आधी देऊन बसलात तर कापायला काही उरत नाही आणि विकणाऱ्याच्या मागे लागावं लागतं. विकणारा अनिवासी भारतीय असेल तर हा १ टक्क्याचा नियम लागूच होत नाही, कापायची रक्कम बरीच मोठी असते. तिथे सीए गाठल्याशिवाय टोकनसुद्धा देऊ नका.

तुमचं घर रिसेलचं आहे आणि ओसी आहे, म्हणून जीएसटी नाही. बांधकाम चालू असलेल्या घराला ५ टक्के लागतो, ४५ लाखांपर्यंतच्या आणि ६० चौरस मीटर कार्पेटच्या आतल्या परवडणाऱ्या घरांना १ टक्का. १ कोटीला ५ लाख. पण चालू बांधकामात त्याहून मोठा खर्च प्री-ईएमआयचा. बँक स्लॅबप्रमाणे, म्हणजे बांधकाम पुढे सरकेल तसे, पैसे सोडते आणि सोडलेल्या रकमेवर नुसतं व्याज घेते. तीन वर्षांत सरासरी निम्मी रक्कम सुटलेली धरली तर साडेसदतीस लाखांवर ८ टक्क्यांनी ९ लाख व्याज जातं, मुद्दल एका रुपयाने हलत नाही, आणि भाडं चालूच असतं. ताबा दोन वर्षं लांबला की जवळपास पूर्ण रकमेवरचं, वर्षाला सहा लाखांच्या घरातलं व्याज त्यात मिळवा. पहिली रक्कम सुटल्यापासून पूर्ण हप्ता सुरू करा असं सांगता येतं. झेपत असेल तर तेच करावं. ‘ताबा मिळेपर्यंत हप्ता नाही’ या जाहिरातींत कर्ज तुमच्याच नावावर असतं. बिल्डरने व्याज भरायचं थांबवलं की बँक तुमच्या दारात येते आणि सिबिलही (कर्जफेडीची नोंद) तुमचंच बिघडतं.

कर्जाबरोबर गळ्यात मारलेला विमा ही आणखी एक गळती. अडीच लाखांचा एकरकमी प्रीमियम ‘कर्जातच घालून देतो, हप्त्यात फक्त दोन हजार’ असं सांगतात. ८ टक्क्यांनी २० वर्षं म्हणजे महिन्याला २,०९१, एकूण ५ लाख. त्यातले बरेचसे विमे घटत्या रकमेचे असतात आणि कर्ज आधी फेडलं किंवा हलवलं की संरक्षण टिकेल याची खात्री नसते. कर्जाइतका साधा टर्म प्लॅन (फक्त मृत्यू झाला तर रक्कम देणारा विमा) वेगळा घ्या. विमा घेतला नाही तर कर्ज नाही अशी अट बँकेला घालता येत नाही. सँक्शन लेटरमध्ये ती लिहून मागा, तोंडी आग्रह तिथेच थंडावतो. १ ऑक्टोबर २०२४ पासून कर्जाबरोबर ‘की फॅक्ट्स स्टेटमेंट’ द्यावं लागतं. त्यात एपीआर असतो, म्हणजे फी आणि विम्यासकट पडणारा दर. दोन बँकांची तुलना करायची ती या आकड्याची, होर्डिंगवरच्या दराची नाही.

घर घेतल्यावर मेंटेनन्स. महिन्याला ६,००० धरा, वर्षाला ६ टक्के वाढ धरा, वीस वर्षांत साडेसव्वीस लाख होतात. कार्पेट ५०० चौरस फुटांच्या आत असेल तर महापालिकेचा मालमत्ता कर २०२२ पासून माफ आहे. ५१० फुटांच्या घराला भरावा लागतो, हे दोन फ्लॅटमधून निवडताना लक्षात असू द्या. सोसायटीचे पैसे मात्र नीट तपासा. उपविधींप्रमाणे सिंकिंग फंडात (इमारतीच्या मोठ्या कामांसाठीच्या राखीव निधीत) बांधकाम खर्चाच्या वर्षाला किमान पाव टक्का आणि दुरुस्ती निधीत पाऊण टक्का जमा व्हायला हवा. अनेक जुन्या सोसायट्यांनी मेंटेनन्स कमी दिसावा म्हणून हे वर्षानुवर्षं गोळाच केलेलं नाही. इमारतीला ३० वर्षं झाली की स्ट्रक्चरल ऑडिट करावं लागतं. त्यात गळकी गच्ची, सळ्या उघड्या पडलेले कॉलम निघतात आणि सोसायटी प्रत्येक फ्लॅटकडून दोन-तीन लाख मागते. टोकन देण्याआधी सोसायटीचा शेवटचा ऑडिट रिपोर्ट आणि निधीची शिल्लक मागा. कमिटी देत नसेल तर तेही एक उत्तरच आहे.

इमारत जुनी असेल तर पुनर्विकासाचा विचार आत्ताच करा. कर्ज चालू असताना इमारत पाडायला गेली तर बँकेची एनओसी लागते, मूळ अॅग्रीमेंट बँकेकडेच असतं, आणि नव्या घरावर गहाणाचे कागद पुन्हा होतात. बिल्डर भाडं देतो, हप्ता मात्र थांबत नाही. ‘रिडेव्हलपमेंटमध्ये शंभर फूट जास्त मिळतील’ या आशेवर आज जास्त किंमत देत असाल, तर ती आशा किती वर्षांनी फळाला येणार आणि तोवर त्या जादा रकमेवर किती व्याज जाणार, हेही मांडा.

आता बेरीज. २० वर्षांच्या मुदतीत: स्वतःचे २५ लाख, सुरुवातीचे आठ लाख, हप्ते १ कोटी ५०.५६ लाख, मेंटेनन्स साडेसव्वीस लाख. साधारण २ कोटी १० लाख, फर्निचर सोडून. ३० वर्षांचे नुसते हप्तेच १ कोटी ९८ लाख होतात.

पण ही बेरीज बघून लगेच घाबरू नका. आजचा रुपया आणि वीस वर्षांनंतरचा रुपया एका रांगेत उभे करणं चूक आहे. महागाई ६ टक्के धरली तर वीस वर्षांनंतरच्या ६२,७३३ ची आजची किंमत १९,५०० च्या आसपास निघते. पगार वाढत जातो, हप्ता वाढत नाही. दुसरं, मुद्दल हा खर्चच नाही, ती बचत आहे. एका खिशातून दुसऱ्यात. खरा खर्च एका वर्षाचा मांडावा. पहिल्या वर्षी व्याज ५.९४ लाख, मेंटेनन्स ७२ हजार, आणि घरात अडकलेल्या ३३ लाखांवर साडेसहा टक्क्यांच्या एफडीचं बुडालेलं व्याज २.१४ लाख. एकूण ८.८० लाख. तसंच घर २५,००० भाड्याने मिळत असेल तर वर्षाचे ३ लाख. म्हणजे स्वतःच्या घरासाठी पहिल्या वर्षी ५.८० लाख जास्त मोजले. १ कोटीचं घर वर्षाला ५.८ टक्क्यांनी वाढलं तर बरोबरी. मुंबईत ती वाढ काही भागांत होते, काही भागांत वर्षानुवर्षं होत नाही. हे गणित करून घर घ्यायचं ठरलं तर बेलाशक घ्या. भाडेकराराचे अकरा महिने संपले की घर बदलण्याच्या कटकटीलाही किंमत आहेच.

आयकराचा आधार पूर्वीइतका राहिलेला नाही. जुन्या पद्धतीत स्वतः राहत्या घराच्या व्याजाची वजावट एकाला वर्षाला २ लाखांपर्यंत. ३० टक्क्यांच्या स्लॅबमध्ये सेससकट ६२,४०० वाचतात. घर आणि कर्ज दोघांच्या नावावर असेल तर दोघांना वेगवेगळी. नव्या पद्धतीत राहत्या घराला ही वजावट नाही, आणि नवी पद्धत आता न सांगता लागू होते. तेव्हा ‘टॅक्स वाचतो म्हणून कर्ज लवकर फेडू नका’ हा ऑफिसातला सल्ला आधी आपल्या पद्धतीत बसतो का ते बघा. तुम्ही दोघं नव्या पद्धतीत असाल तर ८ टक्के म्हणजे ८ टक्केच.

आणि म्हणून पार्ट पेमेंट. व्यक्तीच्या फ्लोटिंग गृहकर्जावर आधी फेडल्याचा दंड लावता येत नाही. वेळ इथे सगळ्यात महत्त्वाची. दोन वर्षांनी ५ लाख भरले तर ३० महिने कमी होतात आणि १४ लाख व्याज वाचतं. तेच ५ लाख बाराव्या वर्षी भरले तर १४ महिने आणि ४ लाख. दर वर्षी एक जादा हप्ता भरला तर २० वर्षांचं कर्ज १७ वर्षांच्या आत संपतं आणि साडेतेरा लाखांच्या वर वाचतात. भरताना अर्जावर ‘हप्ता तोच, मुदत कमी’ असं लिहा. काही बँका न विचारता हप्ता कमी करून मुदत तशीच ठेवतात, आणि मग वाचणारी रक्कम निम्म्याहूनही कमी होते. भरल्यावर नवं शेड्यूल मागून शेवटच्या हप्त्याची तारीख तपासा.

फक्त सगळी गंगाजळी कर्जात ओतू नका. सहा हप्ते आणि सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असलाच पाहिजे, कारण बँकेत गेलेला पैसा अडचणीत परत मिळत नाही. टॉप-अप (त्याच घरावर वाढीव कर्ज) मिळतं, तेही पगार चालू असेल तर. ज्यांच्या हातात बोनस किंवा धंद्याचा पैसा मध्येच येतो त्यांच्यासाठी ओव्हरड्राफ्ट पद्धतीचं गृहकर्ज बघण्यासारखं आहे. खात्यात ठेवलेल्या रकमेवर तेवढे दिवस व्याज लागत नाही आणि ती काढताही येते. दर थोडा जास्त असतो, म्हणून खात्यात सरासरी काही लाख पडून राहणार असतील तरच.

तर तुमच्या प्रश्नाचं उत्तर: २० वर्षं. ६२,७३३ हा दोघांच्या हाती पडणाऱ्या पगाराच्या चाळीस टक्क्यांच्या आत बसत असेल तर दुसरा विचार नको. बसत नसेल, किंवा दोघांपैकी एकाची नोकरी पुढच्या दोन-तीन वर्षांत थांबण्याची शक्यता असेल, तर २५ घ्या आणि दर एप्रिलला पगारवाढ झाली की हप्ता पाच टक्क्यांनी वाढवण्याचं पत्र द्या. ३० नको, दर पाऊण टक्क्याने वर गेला की त्यात श्वास घ्यायला जागा उरत नाही. आणि २० वर्षांचा किंवा २५ चाही हप्ता झेपत नसेल, तर एक कोटीचं घर तुमच्या बजेटबाहेर आहे. मालाडऐवजी मीरा रोड, कांदिवलीऐवजी विरार हा निर्णय मुदत ताणून टाळता येत नाही.

कर्ज फिटल्यावर आळस करू नका. मूळ कागद ३० दिवसांत परत द्यावे लागतात, बँकेमुळे उशीर झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई मिळते, हा नियम १ डिसेंबर २०२३ पासून आहे. त्यासाठी कर्ज घेतानाच बँकेकडे दिलेल्या कागदांची सही-शिक्क्याची यादी घेऊन ठेवा. मूळ चेन अॅग्रीमेंट (आधीच्या मालकांचे करार), इंडेक्स टू (नोंदणी कार्यालयाचा व्यवहाराचा उतारा), रजिस्ट्रेशनची पावती, शेअर सर्टिफिकेट सगळं नावानिशी. यादी नसेल तर वीस वर्षांनी कुठला कागद दिला होता हे कुणालाच आठवत नाही. नो ड्यूज मिळालं की गहाण उतरवल्याची नोंद आणि सोसायटीच्या दप्तरातला बँकेचा बोजा काढून घ्या, आणि दोन महिन्यांनी सिबिलवर खातं ‘क्लोज्ड’ दिसतंय का ते बघा.